चाळिसावी मात्रा रिकामी सोडा

प्रति,
निर्माते, दिग्दर्शक, संगीत संयोजक आणि निर्मितीतली सर्व मंडळी,
मुंबई.

सप्रेम नमस्कार विनंती विशेष.

गेल्या शनिवारी दादरला तुमच्या नाटकाचा प्रयोग तिकीट काढून पाहिला. मागितला असता तर पास मिळाला असता, पण फुकट बसून तक्रार करणं मला जमत नाही. बाल्कनी, दुसरी रांग, कडेची खुर्ची. तिसरी घंटा झाली, अंधार झाला आणि स्पीकरमधून एक भारदस्त आवाज आला, 'कालसभेच्या गीतासाठी सर्वांनी सन्मानाने उभे राहावे.' त्यानंतर जे वाजलं ते माझं आहे हे शेजारच्या बाईंना सांगायची मला लाज वाटली. मध्यंतरात त्यांनीच विचारलं, 'ते सुरुवातीचं गाणं कुठल्या पक्षाचं होतं हो?'

हे पत्र तुम्हाला खासगीत लिहिता आलं असतं. दोनदा लिहिलंही. पहिल्याला उत्तर म्हणून अंगठा आला, दुसऱ्यावर दोन निळ्या खुणा. म्हणून आता चारचौघांत लिहिते आहे. दिग्दर्शकमहोदय, तुम्हाला मी एरवी अरे-तुरे करते, आमच्या तालमींत तुम्ही स्पॉट धरून उभे असायचात तेव्हापासून. पण इथे तुम्ही दिग्दर्शक आहात आणि मी पेटीवाली, म्हणून अहो-जाहोच बरं.

ज्यांनी नाटक पाहिलेलं नाही त्यांना आधी थोडं सांगायला हवं, नाहीतर ही बाई एका गाण्यासाठी एवढी का चिडली ते कळणार नाही.

१ जानेवारी १९०६ पासून भारतीय प्रमाणवेळ लागू झाली. तोवर मुंबईला स्वतःची वेळ होती, ग्रिनिचच्या ४ तास ५१ मिनिटं पुढे. नवी वेळ साडेपाच तास पुढे. म्हणजे मुंबईच्या घड्याळांनी ३९ मिनिटं पुढे उडी मारायची. शहरानं हे गपगुमान ऐकलं नाही. गिरणी कामगारांनी त्याच जानेवारीत नव्या वेळेविरुद्ध दंगा केला, आणि खुद्द पालिकेनं आपली घड्याळं पुढची कित्येक वर्षं जुन्याच वेळेवर चालवली. एकाच रस्त्यावर दोन घड्याळं आणि दोघांचंही आपापल्या परीनं बरोबर, असा कारभार इथे चालला.

तुम्ही आता नव्यानं बसवलेल्या आमच्या या जुन्या नाटकाचा प्रश्न एवढाच होता : काटे पुढे ढकलले तेव्हा मधली ३९ मिनिटं गेली कुठे? आमचं उत्तर असं की ती कुठेही गेली नाहीत. तिथे माणसं राहतात. काळातून प्रवास करता करता वाट चुकलेली, परतीचं तिकीट हरवलेली माणसं. कोणी १८८५चा फोर्टमधला कारकून, कोणी १९३० साली वडाळ्याच्या मिठागरावर लाठी खाल्लेली बाई, कोणी २०७०चं पोर, ज्याला समुद्र लालबागपर्यंत आलेला ठाऊक आहे. त्या ३९ मिनिटांत त्यांची सभा भरते. ती कालसभा.

पहिल्या खर्ड्यात गीत नव्हतंच. ते आलं एका भांडणातून, आणि ते भांडण नाटकात अजून आहे. राजाबाई टॉवर १८७८ साली पुरा झाला, २८० फूट उंच, आणि त्याच्या घड्याळात पूर्वी १६ धुना होत्या. त्यांतली एक इंग्लंडच्या राष्ट्रगीताची. नाटकात कालसभा चालू असताना ती धून ऐकू येते. कारकून सवयीनं ताडकन उभा राहतो. मिठागरावरची बाई त्याच्याकडे पाठ फिरवते आणि 'वंदे मातरम्' म्हणायला लागते. २०७०चं पोर विचारतं, 'हे उठले का? पाणी आलं का?' मग हमरीतुमरी. शेवटी सभेतली सगळ्यात म्हातारी बाई म्हणते, 'असं गाणं करा ज्यात राजा नाही, झेंडा नाही, नदी-डोंगर नाहीत. ज्याच्यासमोर आपण सगळे सारखेच परके.'

हे वाक्य ज्यानं लिहिलं त्यानंच गीताचे शब्द लिहिले. तो बेस्टमध्ये कंडक्टर होता. आता निवृत्त होऊन कोकणात कलमं लावतो. त्याला तुमच्या प्रयोगाबद्दल फोन केला तर म्हणाला, 'तिकीट फाडून दिलं ना आपण? प्रवासी कुठे उतरतोय ते त्याचं तो बघेल.' त्याचा स्वभाव तसा आहे. माझा नाही.

आता माझं यात काय गुंतलंय ते.

मी परळची. वडील लालबागच्या एका गिरणीत साचेखात्यात. आमच्या घरात घड्याळ होतं, पण ते नावाला. भोंगा झाला की दिवस सुरू. मी १२ वर्षांची असताना नव्यानं पेटी शिकत होते आणि एका सकाळी सहज बोट ठेवलं तर भोंगा सापडला. काळी एक, म्हणजे पेटीची पहिली काळी पट्टी. नेमकी नाही, तिच्या केसभर खाली. वडील दात घासत होते, ब्रश तोंडात तसाच ठेवून ऐकत राहिले. मग म्हणाले, 'खाली आहे तो. वाफ कमी पडली की उतरतो.' गिरणीच्या भोंग्याला बेसूर म्हणणारा माणूस मी तेवढा एकच पाहिला.

१८ जानेवारी १९८२ला संप सुरू झाला. त्या गिरणीचा भोंगा पुन्हा वाजला नाही. वडील मात्र पुढची कित्येक वर्षं पहिल्या पाळीच्या वेळेला उठून बसायचे. कुठे जायचं नसायचं. नुसते कॉटवर पाय खाली सोडून बसायचे, एक चप्पल पायात, एक जमिनीवर.

कालसभेच्या गीताची चाल करायला बसले तेव्हा मला दुसरा 'सा' सुचेचना. पेटीवर काळी एक, भाता पूर्ण भरून, तबला नाही, शब्द नाहीत, नुसता लांबलचक एक स्वर. तो संपता संपता टॉवरची पावतासाची घंटा. मग गीत. भोंगा आणि घंटा, या शहरातली दोन घड्याळं, एक कामगाराचं आणि एक साहेबाचं. हे मी आज तुम्हाला समजावून सांगते आहे. तेव्हा असा काही विचार केला नव्हता. तेव्हा नुसतं तसं झालं.

ताल झपताल. १० मात्रा : धी ना, धी धी ना, ती ना, धी धी ना. एका कडव्याला चार आवर्तनं, म्हणजे ४० मात्रा. लय मिनिटाला ४० मात्रांची, म्हणजे एक कडवं बरोबर एक मिनिट. पण आम्हाला हवी होती ३९. म्हणून शेवटच्या आवर्तनातला शेवटचा 'ना' वाजवायचा नाही. चाळिसाव्या मात्रेला तबल्यावरचा हात वर, पेटीचा भाता स्थिर, कोणी श्वाससुद्धा घ्यायचा नाही. आणि कंडक्टरनं त्या मोकळ्या मात्रेवर काय केलं ते बघा :

कोणी कालचे, कोणी उद्याचे,
सोबती सारे एका बाकाचे;
नाही घराला दार ना पत्ता,
आमच्या घराचे नाव . . . . .

यमक 'पत्ता'चं आहे. पुढचा शब्द काय ते कानाला कळलेलं असतं. तो कोणी म्हणायचा नाही. ज्यांच्याकडे काल आहे आणि उद्या आहे, पण तेवढी एकच गोष्ट नाही, त्यांनी तो शब्द उच्चारायचा कसा?

२०११ साली परळच्या एका शाळेच्या हॉलमध्ये पहिला प्रयोग केला. पंखे घरघरणारे, खुर्च्या लग्नाच्या मांडववाल्याकडून आणलेल्या. पहिलं कडवं झालं, चाळिसावी मात्रा आली, आणि त्या शांततेत तिसऱ्या रांगेतलं एक लहान पोर मोठ्यानं म्हणालं, 'आत्ता!' सगळा हॉल हसला. पण दुसऱ्या कडव्याला तीच जागा आली तेव्हा कोणी हसलं नाही. सगळ्यांचे ओठ हलले. पेटीवर बसून मला समोरच्या दोन रांगा दिसत होत्या. आवाज एकाचाही नव्हता. तिसऱ्या कडव्याला मागच्या भिंतीजवळ उभा असलेला शाळेचा शिपाई हातातली चहाची किटली खाली ठेवून सावध उभा राहिला. त्याला कोणी सांगितलं नव्हतं.

आम्ही एकूण १७ प्रयोग केले. असं दर वेळी झालं असं म्हणणार नाही. एका ठिकाणी त्या मात्रेत कोणाचा तरी फोन वाजला, आणि एकदा आमचाच तबलजी विसरून 'ना' वाजवून गेला. पण जिथे जमलं तिथे ते देश नसलेल्या माणसांचं राष्ट्रगीत वाटलं. आणि आमच्याकडे त्या देशाचं दुसरं काहीच नव्हतं. नकाशा नाही, नोट नाही, पोलीस नाही. नेपथ्यात एक बाक आणि एक पाट.

आता तुमच्या प्रयोगात काय झालंय ते क्रमानं सांगते.

सगळ्यात मोठी गोष्ट ती चाळिसावी मात्रा. तुमच्या संयोजकांनी झपतालाचा केरवा केला. मला त्यांचा हिशेब कळतो : आठ मात्रांचा केरवा, पाच आवर्तनं, ४० मात्रा चोख बसतात, कुठे काही उरत नाही. पण काही तरी उरावं म्हणूनच तर ते गाणं होतं! आणि त्या जागेवर आता ताशाची तर्री, धुराचं यंत्र, आणि सोळा जणांच्या कोरसमध्ये जोरात 'आत्ता!' बाल्कनीतून शिट्ट्या आल्या, हे खरं आहे. टाळ्याही आल्या. पण जे त्या माणसांजवळ नाही म्हणून ती त्या सांदीत अडकली आहेत, तेच तुम्ही त्यांच्या तोंडून ओरडून घेतलंत. मग पुढचे दोन तास ती शोधतायत काय?

दुसरं, कडवी. तीनांतलं तुम्ही एकच ठेवलंत. दुसरं कडवं असं होतं :

ज्यांचा निरोप राहून गेला,
त्यांच्याही नावे पाट मांडला;
नाही घराला दार ना पत्ता,
आमच्या घराचे नाव . . . . .

दुसरी ओळ चालू असताना म्हातारी पाट आणून बाकाशेजारी मांडते. त्या पाटावर कोणी बसायचं नसतं. दुसऱ्या अंकात २०७०चं पोर विचारतं, 'हा पाट कोणाचा?' तेव्हा प्रेक्षकाला उत्तर आधीच माहीत असतं आणि पोराला नसतं. सगळा दुसरा अंक त्या फरकावर उभा आहे. तुम्ही कडवं काढलंत आणि प्रश्न ठेवलात. शनिवारी तो प्रश्न आला तेव्हा माझ्या मागून कोणीतरी म्हणालं, 'जेवायला बसणार असतील.' पाट अजून रंगमंचावर आहे, पण उगाच. नंतर विंगेत कोणाला तरी भेटायला गेले, तर त्याच पाटावर बसून तुमचा प्रॉपर्टीवाला वडापाव खात होता. त्याची चूक नाही. त्याला कोण सांगणार तो कोणाचा आहे ते?

तिसरं, उभं राहण्याची घोषणा. याबद्दल मला जरा जास्त बोलायचं आहे.

शनिवारी बाल्कनीत माझ्यापुढे एक आजोबा होते, मांडीवर काठी आडवी. ते उठले नाहीत. त्यांच्या शेजारच्या तरुणानं त्यांना खांद्याला हात लावून सांगितलं, 'आजोबा, उभे राहा, अनाउन्समेंट झालीये.' आजोबा गोंधळले. त्यांना वाटलं राष्ट्रगीत आहे. पुढच्या खुर्चीच्या पाठीला धरून कसेबसे उठले, आणि केरवा सुरू झाल्यावर आपण कशासाठी उठलो हे न कळून तसेच अर्धवट वाकून उभे राहिले. गाणं संपेपर्यंत त्यांची काठी खुर्च्यांच्या खाली गडगडत गेली होती. ती शोधायला आम्ही तिघंजणं लागलो.

चित्रपटगृहातल्या राष्ट्रगीताचा आपला इतिहास फार जुना नाही. ३० नोव्हेंबर २०१६ला सर्वोच्च न्यायालयानं ते सक्तीचं केलं आणि ९ जानेवारी २०१८ला ती सक्ती काढली. त्या मधल्या काळात अंधारात कोण उठलं आणि कोण नाही यावरून काय काय झालं ते आपण सगळ्यांनी वाचलंय. हे ठाऊक असताना एका खोट्या देशाच्या गाण्यासाठी खऱ्या देशाच्या गाण्याचा धाक उसना घ्यायचा? प्रेक्षक राष्ट्रगीताच्या भीतीनं उठतो आणि तुम्ही ते आपल्या नाटकाच्या खात्यात जमा करता. याला माझा ठाम विरोध आहे, दोन्ही गीतांच्या वतीनं. आमच्या नाटकातला कारकून घंटा ऐकून सवयीनं उभा राहतो म्हणून तर सगळं भांडण होतं. त्या भांडणातून जन्मलेल्या गाण्याला तुम्ही पुन्हा हुकमानं उभं करताय, यातला विनोद तुमच्या लक्षात कसा आला नाही?

बाकीच्या गोष्टी लहान आहेत. भोंग्याऐवजी कुठल्याशा बोटीचा डाऊनलोड केलेला हॉर्न आहे. तो काळी एकच्या जवळपासही नाही. पेटी, तबला आणि गाणारे विंगेत असायचे, तिथे आता ट्रॅक आहे. दौऱ्याला माणसं न्यायला परवडत नाही हे मला समजतं, त्यावर अडून बसणार नाही. जाहिरातीच्या रीलमध्ये 'आत्ता!' एवढाच तुकडा कापून खाली 'आत्ताच बुक करा' लिहिलंय. हे पाहून मी हसले, खोटं कशाला बोलू.

श्रेयनामावलीत मात्र 'सभागीत : पारंपरिक' असं छापलंय. काळातून प्रवास करणाऱ्यांच्या नाटकात वयाच्या ६३व्या वर्षी आपण परंपरा होऊन बसावं, ही एका परीनं बढतीच. पण कंडक्टर जिवंत आहे आणि मीही. तुम्ही संहितेचे हक्क रीतसर घेतलेत, पैसेही वेळेवर दिलेत, त्याबद्दल तक्रार नाही. पण कॉपीराइट कायदा १९५७चं कलम ५७ असं सांगतं की हक्क विकल्यावरही रचना आपली आहे म्हणण्याचा आणि तिची मोडतोड झाली तर हरकत घेण्याचा लेखकाचा अधिकार शाबूत राहतो. मला कोर्टाची पायरी चढायची नाही, गुडघेही तेवढे चांगले नाहीत. फक्त कागदावर आमचं काय आहे ते तुम्हाला माहीत असावं.

तुमचं म्हणणं मी ऐकलेलं आहे, तेही इथे मांडते, म्हणजे एकतर्फी होणार नाही. तालमीच्या वेळी फोनवर तुम्ही म्हणालात, 'ताई, राष्ट्रगीताला ५२ सेकंद पुरतात, आपल्याला तीन मिनिटं कशाला?' आणि दुसऱ्यांदा, 'जन गण मनची पाच कडवी, घेतलं एकच. राज्यगीताचंही तेच, २०२३ साली स्वीकारलं तेव्हा दोनच कडवी घेतली. मग आपणच काय घोडं मारलंय?'

मुद्दा बिनतोड वाटतो, पण नाही. जन गण मन चालू असताना त्याच्या बाहेर एक अख्खा देश उभा असतो. दार उघडलं की रस्ता, रिक्षा, पाणीपुरीवाला. गीताला देश निर्माण करावा लागत नाही, नुसती आठवण करून द्यायची असते. कालसभेला त्या गाण्याबाहेर काही नाही. प्रेक्षक लोकलमधून उतरून, पार्किंग शोधून, मोबाइल बंद करून आलेला. त्याला त्या ३९ मिनिटांत नेऊन बसवायचं काम गाण्याचंच. आपल्या संगीत नाटकांत नांदी हेच करायची. १८८० साली अण्णासाहेब किर्लोस्करांनी शाकुंतल रंगभूमीवर आणलं, त्याची 'पंचतुंड नररुंडमालधर' आजही कुठे सुरू झाली की बसल्या जागी पाठ ताठ होते. कोणी स्पीकरवरून तसं सांगत नाही.

आणि आताच्या प्रेक्षकाला धीर नाही, हे तर मुळीच पटत नाही. हे गाड्यांना मिनिटांच्या नावानं हाक मारणारं शहर आहे. '८.१३ गेली का?' असं आपण माणसाबद्दल विचारावं तसं विचारतो. ती ८.१३ची येत नाही तेव्हा आख्खा फलाट एका दिशेला मान करून उभा असतो, एकही शब्द न बोलता. दीड सेकंदाची शांतता या लोकांना झेपणार नाही असं तुम्हाला कोणी सांगितलं? 

माझ्या मागण्या :

चाळिसावी मात्रा रिकामी करा. धूर, ताशा, 'आत्ता' सगळं काढा. केरवाच ठेवायचा हट्ट असेल तर ठेवा, जीव जळेल पण सोसेन. त्या एका मात्रेवर मात्र काहीही वाजता कामा नये.

दुसरं कडवं परत घ्या आणि त्यावर पाट मांडा. तिसरं खुशाल कापा. त्यात 'अनंत' हा शब्द दोनदा आलाय, तेव्हाही खटकला होता, कंडक्टरला सांगायचं धाडस झालं नाही. म्हणजे तुमची तीन मिनिटांची अडचणही सुटली, दोनच उरली.

उभे राहण्याची घोषणा पुढच्या प्रयोगापासून बंद. ज्याला उठावंसं वाटेल तो उठेल.

श्रेयनामावलीत शब्द लिहिणाऱ्याचं नाव. माझं नसलं तरी चालेल असं लिहिणार होते, पण खरं तर चालणार नाही. दोन्ही नावं द्या.

आणि तो बोटीचा हॉर्न बदला. ट्रॅक तर ट्रॅक, पण सुरुवातीचा स्वर पेटीचा घ्या. तुमच्या साऊंडवाल्या मुलाला माझ्याकडे पाठवलंत तर अर्ध्या तासाचं काम आहे, पैसे नकोत. काळी एक द्या म्हणून सांगू नका त्याला, स्टुडिओत नेमकी काळी एकच लावतील. किंचित खाली हवी. किती खाली ते मी वाजवून दाखवीन.

पेटी माझ्याकडेच आहे, २०११ची तीच. भात्याला चीर गेली होती ती गेल्या महिन्यात चिकटवून घेतली. पुढचा प्रयोग रविवारी दुपारचा आहे असं जाहिरातीत पाहिलं. त्याच्याआधी रेकॉर्डिंग करायचं असेल तर शुक्रवारी संध्याकाळी या, सहानंतर. त्याआधी माझ्याकडे मुलं शिकायला असतात. आणि पेटी थिएटरलाच न्यायची ठरवलीत तर दोन माणसं पाठवा. आमच्या इमारतीची लिफ्ट बंद आहे, आणि मी तिसऱ्या मजल्यावर राहते.

आपली,
कालसभेची पेटीवाली,
परळ